चौथं नाव

अल्माटीत पूर्व-पश्चिम विचारू नका, अक्मारल म्हणाली.
इथे वर म्हणजे डोंगर, खाली म्हणजे माळ.
चुकलातच तर रस्त्याकडेच्या पाटाचं पाणी बघा,
ते बर्फाकडून येतं, खोटं बोलत नाही.
आणि ती उलटी चालू लागली, तोंड आमच्याकडे,
पाठ गर्दीकडे.

आम्ही सहाजण. दोघं फिनलंडचे, अबोल,
एक बाई बुसानची, एक बापलेक, कुठले ते कळलं नाही,
आणि मी, गुडघ्याला पट्टा, पर्समध्ये गोळ्या,
कुणाचे तरी हिशेब तपासायला आलेली,
शनिवार मोकळा मिळालेली.

हिरव्या बाजारात आधी शब्द भेटले, पदार्थ नंतर.
साबणाला साबिन, दुकानाला दुकेन,
खबर ती खबरच,
हाल विचारायचे ते 'खाल' म्हणून.
कोणत्या खोगिरातून सांडले असतील,
काही इथे, काही आमच्या जिभेवर?
पावती मागणं हा माझा धंदा.
तरी मागितली नाही.

कुर्त म्हणजे चक्का खारवून, वळून,
वाळवून दगड केलेला.
दातांनी नाही, अक्मारल म्हणाली, वेळेनं खायचा.
एक गालात ठेवून पुढे निघाले.

गाजराच्या कोशिंबिरीमागे ल्युबा त्सोय उभी होती.
तिच्या आजीला आगगाडीत कोंबून
या माळावर आणून सोडलं होतं.
बुसानची बाई तिच्याशी तिच्याच भाषेत बोलली,
मध्ये ऐंशी-नव्वद वर्षं.
अर्धं कळलं.
उरलेलं दोघींनी गाजर चाखत मान डोलावून भागवलं.

मग मांसाची ओळ, आणि माझं घोडं अडलं.
अगदी शब्दशः.
हुकाला टांगलेली कझी, मनगटाएवढी जाड,
विक्रेतीचा एप्रन पांढराशुभ्र, सुरीखाली पारदर्शक काप.
माझ्या आजोबांचं नाव खंडेराव.
देव घोड्यावर बसलेला,
आणि नात ही अशी, हात पुढे करून.
खाल्लं.
चव सांगता येणार नाही.
जी थंडी कधी सोसली नाही ती आठवल्यासारखं झालं.

चहा आला तो पेल्याच्या तळाशी, अर्धासुद्धा नाही.
आमच्याकडे असा दिला तर सोयरीक मोडेल.
भरून दिला म्हणजे 'आता निघा', अक्मारल हसली,
थोडा दिला म्हणजे पुन्हा मागा,
पुन्हा माझ्याकडे बघा.

बेशबर्माक म्हणजे पाच बोटं.
फिनलंडचे काटे शोधत होते.
मी बाही वर सारली.

सात आजोबांची नावं पाठ हवीत, ती म्हणाली,
मुलींनाही. सात पिढ्यांच्या आत लग्न नाही.
आणि पाढ्यासारखी म्हणायला लागली,
तोल्गेन, साबिर, इस्काक,
इथे जराशी थांबली.
हा दुष्काळात वाटेत गेला.
कुठे, ते माळाला ठाऊक.
मग पुढचे चार एका दमात.
तुमचे?

माझे तीन.
श्राद्धाला तेवढीच घेतात, तीही भाऊ घेतो.
मी ती स्वयंपाकघरातून ऐकलेली,
तिसरं तर कढई घासण्याच्या आवाजात निम्मं बुडालेलं.

रात्री हॉटेलातून चुलतभावाला फोन लावला.
पणजोबांच्या वडिलांचं नाव काय रे?
पलीकडे बराच वेळ काही नाही.
मग सावध आवाज,
"का गं? जमिनीचं काही निघालंय का?"
नाही रे, सहज.
"सहज कोण विचारतं? सातबारा काढून बघावा लागेल."
सात, असं मी म्हणाले आणि मलाच हसू आलं,
त्याला ते मुळीच आवडलं नाही.
थोड्या वेळानं तोच मवाळला,
"तिकडे तुझे जेवणाचे हाल होत असतील ना?"
खाल, मी म्हणाले.
गालात दुसरा कुर्त होता.
त्याला वाटलं, लाइन खराब आहे.